घोटा, गुडघा आणि गोतावळा

रविवारी सकाळी आमच्या बास्केटबॉल कोर्टवर पाऊल टाकलं की आधी वास येतो. घामाचा नव्हे. मलमाचा, निलगिरीच्या तेलाचा आणि दुखणं बधिर करणाऱ्या स्प्रेचा. कडेच्या बाकावर पस्तिशी ते पंचावन्न या वयोगटातले गृहस्थ रांगेने बसलेले असतात आणि प्रत्येक जण स्वतःला बांधत असतो. घोट्याला अँकलेट, गुडघ्याला नी-कॅप, तिच्यावर खात्रीसाठी क्रेप बँडेज, बोटांना पांढरी चिकटपट्टी, कमरेला पट्टा. ज्याचं काहीच दुखत नाही तो उगाच मनगटाला काहीतरी गुंडाळतो, कारण त्या बाकावर मोकळ्या अंगाने बसणं बरं दिसत नाही. ही बांधाबांध पाऊण तास चालते. खेळ वीस मिनिटं चालतो. मग सोडासोडीला पुन्हा अर्धा तास, कारण पायाच्या केसांना चिकटलेली पट्टी ओढायला धैर्य गोळा करावं लागतं.

खेळण्यापूर्वी अंग तापवावं असं शास्त्र सांगतं. आम्ही ते चहाने तापवतो. त्यानंतर कोणीतरी बॉल फेकतो, बॉल रिंगच्या आसपास कुठेही जात नाही, आणि "चला, झाला वॉर्मअप" म्हणून संघ पाडले जातात.

या खेळाचा उगमच मुळी गंमतशीर आहे. १८९१ च्या हिवाळ्यात अमेरिकेतल्या स्प्रिंगफिल्ड गावी जेम्स नेस्मिथ नावाचे एक मास्तर होते. बाहेर बर्फ पडलेलं, आत जिमखान्यात पोरांनी उच्छाद मांडलेला. वरिष्ठांनी हुकूम सोडला की छपराखाली खेळता येईल, पोरं दमतील, पण फारसं कोणाला लागणार नाही असा एखादा खेळ काढा. नेस्मिथ मास्तरांनी पीचच्या दोन टोपल्या घेतल्या, गॅलरीच्या कठड्याला ठोकल्या आणि पोरांच्या हाती बॉल दिला. पुढे १९३९ मध्ये रेडिओवर त्यांनी स्वतःच त्या पहिल्या खेळाची हकीकत सांगितली: एक जण बेशुद्ध, कित्येकांचे डोळे काळेनिळे, एकाचा खांदा निखळलेला. बॉल हातात घेऊन पळायचं नाही, हा नियम आपण त्यानंतर घातला, असंही त्यांनी सांगितलं. थोडक्यात, कोणाला लागू नये म्हणून हा खेळ जन्मला आणि बारशालाच हाडवैद्य बोलवायची वेळ आली.

शिवाय तो कठडा जमिनीपासून दहा फुटांवर होता, म्हणून आजही रिंग दहा फुटांवरच असते. सुताराने तो सात फुटांवर बसवला असता तर आमचे गुडघे आज वेगळे असते. एका गॅलरीच्या बांधकामाची फळं सगळं जग भोगतंय.

या खेळात सर्वांत जास्त दुखावतो तो घोटा. लोकांना वाटतं, उडी मारताना लागतं. उडी मारताना कोणालाच काही होत नाही. जे व्हायचं ते उतरताना होतं. आपण वर असतो तेवढ्यात खालची मंडळी जागा बदलतात. आपण सोडलेली जमीन परत मागायला येतो तर तिथे कोणाचा तरी बूट असतो. त्या बुटावर पाय पडतो, तळवा आत वळतो आणि घोट्याच्या बाहेरच्या अंगाचे लिगामेंट ताणले जातात. गंमत म्हणजे पहिला ओरडतो तो बूटवाला.

"अरे, माझ्या पायावर काय उभा राहतोस!"

"मी उभा कुठे आहे? मी आडवा आहे!"

इथे खेळ थांबतो आणि गोतावळा जमतो. वीस मिनिटांत ज्यांनी एकदाही धावून बॉल पकडलेला नसतो, ते सगळे क्षणात घोट्यापाशी हजर होतात.

"बूट काढ आधी."

"बूट काढू नको, सुजेल, मग चढणार नाही."

"बर्फ लाव."

"बर्फ नको, मिठाच्या पाण्याने शेक."

"चालून बघ."

"हलू नकोस!"

घोटा एक आणि त्यावर हात सात. आठवा हात मोबाइल धरून फोटो काढत असतो, ग्रुपवर टाकायला.

बर्फ की शेक, हा आमच्याकडचा मोठा वाद. बर्फवाल्यांच्या बाजूला विज्ञान होतं. १९७८ मध्ये गेब मर्किन नावाच्या अमेरिकन डॉक्टरने विश्रांती, बर्फ, दाबपट्टी आणि पाय उंचावर ठेवणं, अशी चतुःसूत्री मांडली आणि ती जगभरच्या खेळाडूंनी पाठ केली. मी घरी ती मोठ्या तोऱ्यात सांगत असे. आई तिकडे लक्ष न देता सहाणेवर आंबेहळद आणि रक्तचंदन उगाळून, त्यात तुरटी घालून कढत लेप तयार ठेवी. तो लेप लागला की पाय आठवडाभर भगवा दिसतो आणि ऑफिसात चपलेतून तो पाहून लोक विचारतात, "घरी काही कार्य होतं का?" पुढे त्याच मर्किन डॉक्टरांनी जाहीर केलं की बर्फाने वेदना कमी होते खरी, पण बरं होण्याची क्रिया लांबूही शकते. ही बातमी मी घरात दाबून ठेवली होती. आत्याने ती व्हॉट्सॲपवरून आईपर्यंत पोचवली. "मी तेव्हाच म्हटलं होतं," एवढंच आई म्हणाली. तेव्हापासून घरातल्या फ्रीजमधला बर्फ फक्त सरबतासाठी वापरला जातो.

हाड मोडलंय की नुसतंच मुरगळलंय, हे ठरवायला कॅनडातल्या ओटावाच्या डॉक्टरांनी १९९२ मध्ये एक सोपी पद्धत दिली. घोट्याची ठरावीक हाडं दाबून दुखत असतील किंवा माणसाला चार पावलंही टाकता येत नसतील, तर एक्स-रे काढा. आमच्या पॉइंट गार्डने (आमच्यात नावं अशी खेळातल्या जागेवरूनच घेतात) यातली फक्त चार पावलं लक्षात ठेवली. कोणी पडला की त्याला उठवून उभा करतात आणि सगळे मोठ्याने मोजतात. "एक... दोन... तीन... शाब्बास... चार! फ्रॅक्चर नाही!" टाळ्या पडतात. माणूस पाचव्या पावलाला कोसळतो, पण पाचवं पाऊल नियमात नाही. हाडं दाबण्याचा उरलेला अर्धा नियम आमच्या सेंटरने वाचला. त्याचं वजन शंभरीच्या पुढे आहे. त्याने अंगठा टेकवला तर धडधाकट माणसाचाही एक्स-रे काढावा लागेल.

एकदा मुरगळलेला घोटा पुन्हा मुरगळण्याची भीती जास्त असते, कारण लिगामेंटबरोबर पायाचं तोल सांभाळण्याचं भानही कमी होतं. त्यामुळे आमच्यातले काही जण आता बास्केटबॉल न खेळतासुद्धा पाय मुरगळून दाखवतात. एकाचा फुटपाथवर मुरगळला, एकाचा मंगल कार्यालयाच्या पायरीवर. कोर्टवर सांगताना दोघांनीही "रिबाउंड घेताना", म्हणजे रिंगवरून उसळलेला बॉल पकडताना, असंच सांगितलं.

घोट्याच्या खालोखाल बोटं. समोरून येणारा पास तळव्यात न येता बोटाच्या टोकावर आला की बोट चेपतं. यावर आमच्याकडचा सार्वत्रिक उपाय म्हणजे ते ओढणं. कोणाचं बोट दुखावलं असं कळताच चार जण ते ओढायला धावतात. एरवी पास मागितला तर एकही हात पुढे येत नाही. डॉक्टर घसा फोडून सांगतात की बोट ओढू नका, आत काय तुटलंय ते आधी पाहू द्या. पण "माझ्या हाताला गुण आहे" असं ज्याला वाटतं त्याला डॉक्टर काय थांबवणार?

कधीकधी बोटाचं पेर सरळ ठेवणारा टेंडनच तुटतो. मग वरचं पेर मान टाकल्यासारखं खाली लोंबतं. त्यावर इलाज म्हणजे सहा ते आठ आठवडे रात्रंदिवस बोटाला खपची. मधेच एकदा जरी ते पेर वाकलं तरी आठवडे पुन्हा पहिल्यापासून मोजायचे. आमच्या शूटिंग गार्डच्या डाव्या तर्जनीला अशी खपची असतानाच मतदान आलं.

"पट्टी काढा, शाई लावायचीय," केंद्रावरचे अधिकारी म्हणाले.

"काढता येत नाही साहेब. बोट वाकलं तर सहा आठवडे पहिल्यापासून."

"लोकशाहीसाठी सहा आठवडे देता येत नाहीत तुम्हाला?"

मागच्या रांगेने यावर दोन पक्ष केले. अखेर शेजारच्या बोटाला शाई लागली. पट्टीवरच लावा, असं सुचवणाऱ्या काकांना बाहेर पाठवावं लागलं.

आता गुडघा. माझा गुडघा जिना उतरताना वाटीच्या खाली दुखायला लागला, तेव्हा डॉक्टरांनी तपासून निदान केलं: "जंपर्स नी." सारख्या उड्या मारून मांडीचा जोर वाटीखालच्या टेंडनवर येतो आणि तो कुरकुरायला लागतो. मी ही बातमी कोर्टवर सांगितली तेव्हा प्रथम शांतता पसरली. मग कोच सर म्हणाले, "जंपर्स? तुझा?" माझ्या उडीखालून वर्तमानपत्र सरकवता येतं, पण रविवारची पुरवणी असेल तर अडकतं, अशी तिची ख्याती आहे. डॉक्टर बदलून बघ, असा सल्ला मला त्या दिवशी अनेकांनी दिला. रिपोर्ट दुसऱ्याच कोणाचा तरी असेल, असंही एकाने सुचवलं. मी मात्र तो कागद जपून ठेवला आहे. मी उडी मारतो याचा तो एकमेव लेखी पुरावा आहे.

गुडघ्यातला एसीएल नावाचा लिगामेंट तुटणं ही मात्र थट्टेची गोष्ट नाही. कोणी धक्का द्यावा लागत नाही. धावता धावता एकदम थांबलं, वळलं किंवा वेडंवाकडं उतरलं की पुरे. मुलांपेक्षा मुलींमध्ये हे जास्त घडतं. शस्त्रक्रिया झाली तर परत मैदानात यायला नऊ-नऊ महिने लागतात. डेरिक रोझ हा शिकागोचा खेळाडू बाविसाव्या वर्षी एनबीए या अमेरिकन व्यावसायिक लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. पुढच्याच वर्षी, २०१२ च्या एप्रिलमध्ये, सामना संपायला दीडएक मिनिट उरलेलं आणि संघ १२ गुणांनी पुढे असताना त्याचा एसीएल तुटला. हे वाचल्यापासून आमच्याकडे जो संघ पुढे असतो तो शेवटची दोन मिनिटं खेळत नाही, चहाला जातो. हरणारे याला पळपुटेपणा म्हणतात. आम्ही याला अभ्यास म्हणतो.

अकिलीस टेंडन, म्हणजे टाचेमागची ती जाड दोरी, तिचा खास लोभ आमच्या वयावर. आठवडाभर खुर्चीत बसून रविवारी एकदम चित्ता होणाऱ्या तिशी-चाळिशीतल्या पुरुषांवर तिची नजर असते. ती तुटते तेव्हा मागून कोणीतरी लाथ मारली असंच वाटतं. आमच्या फॉरवर्डने खाली बसताबसता मागे वळून एका नवख्या पोराला फैलावर घेतलं.

"लाज नाही वाटत? वडिलांच्या वयाच्या माणसाला लाथ मारतोस?"

"काका, मी तिकडे रिंगखाली होतो."

"मग इतक्या लांबून मारलीस?"

पोटरी दाबली की निरोगी माणसाचं पाऊल आपोआप हलतं. डॉक्टरांनी दाबली, पाऊल ढिम्म हललं नाही, तेव्हा कुठे त्या पोराची निर्दोष सुटका झाली. त्याने मात्र या काकांबरोबर खेळणं सोडलं.

एनबीएतला दिग्गज कोबी ब्रायंट याचा अकिलीस २०१३ मध्ये तुटला तेव्हा तो लंगडत रेषेवर गेला, दोन्ही फ्री थ्रो बास्केटमध्ये टाकले आणि मग आत गेला. आमच्याकडे ज्यांचे दोन्ही पाय शाबूत आहेत त्यांचेही दोन्ही पडत नाहीत, ही गोष्ट कोच सर दर रविवारी आठवणीने सांगतात. २०२५ च्या एनबीए प्लेऑफमध्ये डेमियन लिलार्ड, जेसन टेटम आणि टायरीस हॅलिबर्टन अशा तीन बड्या खेळाडूंचे अकिलीस तुटले. तिघांच्याही जर्सीचा क्रमांक शून्य होता! हे कळल्यावर आमच्या शून्य नंबरवाल्याने जर्सीवरच्या शून्यापुढे मार्करने एक काढला. आता तो दहा नंबरचा आहे आणि बिनधास्त वॉर्मअपशिवाय खेळतो.

चेहऱ्याच्या दुखापती वैद्यकीयदृष्ट्या किरकोळ आणि सामाजिकदृष्ट्या भयंकर. रिबाउंडच्या गर्दीत कोणाचं तरी कोपर भुवईवर बसतं आणि सोमवारी काळानिळा डोळा घेऊन ऑफिसात जावं लागतं. "बास्केटबॉल खेळताना लागलं" हे माझ्या पोटाकडे पाहून कोणालाही पटत नाही. साहेबांनी केबिनमध्ये बोलावून दार लोटून घेतलं आणि हळू आवाजात विचारलं, "घरी सगळं ठीक आहे ना?" त्या आठवड्यात माझी रजा न मागता मंजूर झाली. बायकोला ऑफिसच्या स्नेहसंमेलनात सगळे जरा अंतर ठेवून नमस्कार करत होते.

कमरेचं प्रकरण वेगळं. बोस्टनचा थोर खेळाडू लॅरी बर्ड याची पाठ कोर्टवर गेली नाही. १९८५ च्या उन्हाळ्यात आईच्या घरापुढच्या वाटेवर तो स्वतः फावड्याने खडी पसरत होता, तेव्हा ती दुखावली आणि १९९२ मध्ये निवृत्त होईपर्यंत तिने त्याला छळलं. ही गोष्ट आम्ही सर्वांनी घरोघरी सांगितली. खेळाडूने घरकाम करू नये याला याहून मोठा पुरावा कोणता? माझ्या बायकोने ती शांतपणे ऐकून घेतली आणि म्हणाली, "त्याने आईसाठी खडी पसरली. तुम्ही सिलिंडर तरी सरकवा." असंच कोर्टबाहेर, सॅक्रामेंटोच्या लायनेल सिमन्सला १९९१ मध्ये गेम बॉय या हातातल्या व्हिडिओ गेमवर सतत खेळून हात दुखावल्यामुळे सामने सोडावे लागले होते, ही गोष्ट मुलाला मोबाइल सोडायला लावण्यासाठी सांगून पाहिली. "पण बाबा, तो एनबीएत होता," एवढं बोलून तो पुन्हा मोबाइलमध्ये गेला.

कमरेत उसण भरली की पायाळू माणसाने लाथ मारावी, मग ती उतरते, अशी आपल्याकडे जुनी समजूत. आमच्यातला एक जण जन्मताना पायांनी आधी आला होता, हे एका रविवारी चहावर उघड झालं. त्याला आजवर संघात कोणी घेत नसे. त्या दिवसापासून त्याच्यासाठी दोन्ही संघांत ओढाताण सुरू झाली. गेल्या पावसाळ्यात सेंटरची कंबर धरली. पायाळूने हात जोडून, मनातल्या मनात देवाचं नाव घेऊन लाथ घातली. सेंटर जागचा हलला नाही. पायाळूचा घोटा मुरगळला. आम्ही त्याला चार पावलं चालवलं.

टपरीवरच्या चहात खरी प्रतिष्ठा ठरते, आणि ती बास्केटवर ठरत नाही. नुसती सूज ही सर्वांत खालची पायरी; तिच्यावर टाके; त्यांच्यावर प्लास्टर; आणि ज्याच्याकडे एमआरआयची मोठी फाइल आहे त्याला बाकावर बसायला जागा मिळते, शिवाय क्रीमरोल. एमआरआय उन्हाकडे धरून सगळे पाहतात आणि "इथे बघ, इथे" असं म्हणतात. परवा कळलं की वर्षभर ज्या चित्रात आम्ही एकाचा गुडघा पाहत होतो तो त्याच्या सासऱ्यांचा खांदा होता. २००८ च्या एनबीए फायनलमध्ये बोस्टनच्या पॉल पीअर्सला व्हीलचेअरवरून आत नेलं आणि काही मिनिटांतच तो परत येऊन थ्री-पॉइंटर मारू लागला. यावर लोक आजही शंका काढतात. आम्ही काढत नाही. आमच्याकडे तर बिल द्यायची वेळ आली की बसलेल्यांतले अर्धे लंगडायला लागतात आणि कोपऱ्यावर वळल्यावर धावतात.

शेवटी सेंटरची भाची, जी फिजिओथेरपी शिकते, एका रविवारी आली. तिने आम्हाला रांगेत उभं केलं.

"काका, यातल्या बऱ्याचशा दुखापती टाळता येतात. खेळायच्या आधी दहा मिनिटं द्या. थोडं पळा, पोटऱ्या-मांड्यांचे व्यायाम करा, एका पायावर तोल सांभाळा, आणि उडी मारून गुडघे वाकवून हळूच उतरायचा सराव करा."

"मलम कुठलं लावायचं ते सांग," कोच सर म्हणाले.

"मलम नाही काका. व्यायाम. आता सगळ्यांनी एका पायावर उभं राहा."

आम्ही राहिलो. तिने डोळे मिटायला सांगितलं. पहिला सेंटर गेला, तो शेजारच्यावर, शेजारचा त्याच्या शेजाऱ्यावर, असे आम्ही सगळे क्रमाने जमिनीवर आलो. दुखापत टाळण्याच्या व्यायामात झालेली दुखापत टपरीवर मोजायची का, यावर तिच्यासमोरच वाद सुरू झाला. तरी सर्वांनी तिचे मनापासून आभार मानले आणि पुढच्या रविवारपासून रोज दहा मिनिटं, असा एकमुखी ठराव झाला. तो ठराव अजून लागू आहे. भाची वेळेवर येते. आम्ही सगळे नेमके दहा मिनिटं उशिरा येतो.

वाचकहो, ती भाची सांगते ते खरं आहे. पट्टे, स्प्रे आणि आयात केलेली नी-कॅप यांवर खर्च करण्याआधी रोज दात घासताना एका पायावर उभे राहा, मग पाय बदला. यात एक पैसा लागत नाही. पाय मुरगळला तर सात जणांना हात लावू देऊ नका, एका डॉक्टरला दाखवा. कोर्टवर गेलात तर दहा मिनिटं अंग मोकळं करा, आणि उडी मारलीत तर दोन्ही पायांवर, गुडघे वाकवून उतरा. उतरण्यापूर्वी खाली कोणाचा बूट आहे का, तेवढं बघता आलं तर फार बरं; तो बहुतेक माझाच असेल.